एलईडी लेव्हल मीटर: लाल दिवा कायम का पेटतो आणि रेझिस्टरचे आकडे कसे काढायचे

लेव्हल मीटर म्हणजे अँपच्या आवाजाबरोबर वरखाली होणारा एलईडींचा पट्टा. गणपती जवळ आले की त्याची एकच तक्रार वेगवेगळ्या तोंडांनी ऐकू येते. "भाऊ, मीटर बसवला, पण लाल दिवा विझतच नाही." दुसरा म्हणतो, खालचे चार दिवे एकदम पेटतात, एकदम जातात, मधलं काही दिसतच नाही. तिसऱ्याचा मीटर घरी मस्त नाचतो आणि मांडवात नेला की झोपतो. सांगलीत, मिरजेत, तासगावात, कुठंही डबा उघडा, आत माल तोच: एलएम ३९१५ आयसी, दहा एलईडी, आणि कुठल्यातरी आकृतीवरून जसेच्या तसे उचललेले रेझिस्टर. सोल्डरिंग बहुतेक वेळा ठीक असतं. आकृतीही चुकीची नसते, फक्त ती दुसऱ्याच्या अँपसाठी काढलेली असते.

या मीटरचे सगळे आकडे एकाच प्रश्नातून निघतात. तुमचा अँप पूर्ण ताकदीनं वाजतो तेव्हा स्पीकरच्या तारांवर किती व्होल्ट असतात? तेवढं ठाऊक नसताना "आर१ किती टाकू?" विचारणं म्हणजे माप न देता शर्ट शिवायला टाकणं.

एक रेझिस्टर, दोन कामं

आधी ही गाठ सोडवू, कारण पुन्हा पुन्हा होणारा घोळ इथलाच आहे. ३९१५ च्या पिन ७ आणि पिन ८ मध्ये आयसी स्वतःच १.२५ व्होल्ट धरून ठेवतो. या दोन पिनांमध्ये बसतो तो आर१. पिन ८ पासून ग्राउंडला जातो तो आर२. पिन ७ वरचा व्होल्टेज म्हणजे मीटरची कमाल मर्यादा, तिथं दहावा दिवा पेटतो. हिशोब असा:

पिन ७ चा व्होल्टेज = १.२५ × (१ + आर२ ÷ आर१) + आर२ × ०.०७५ मिलीअँप

शेवटचा तुकडा म्हणजे पिन ८ मधून बाहेर येणारा बारीकसा करंट, साधारण ७५ मायक्रोअँप. पुष्कळ आकृत्यांमध्ये तो सोडून दिलेला असतो. त्यानं किती फरक पडतो ते पुढं येईलच.

खरी गोम अशी की पिन ७ मधून जितका करंट बाहेर काढाल त्याच्या साधारण दहापट करंट प्रत्येक एलईडीतून जातो. म्हणजे दिव्यांचा उजेडही आर१ च ठरवतो. आता नेहमी काय होतं बघा. दिवे मंद वाटले, म्हणून कुणीतरी आर१ कमी केला. उजेड वाढला, पण सूत्राप्रमाणं पिन ७ चा व्होल्टेजही चढला, म्हणजे दहावा दिवा आणखी लांब गेला. आता वरचे दिवे लागत नाहीत म्हणून इनपुटचा प्रीसेट (स्क्रूड्रायव्हरनं फिरवून कमी-जास्त करायचा रेझिस्टर) फिरवला. तर हळू आवाजालाही अर्धा पट्टा पेटायला लागला. मग पुन्हा आर१. असं करत बोर्डावरची तांब्याची पट्टी उखडेपर्यंत रेझिस्टर बदलले जातात.

यातून बाहेर पडायचं तर क्रम धरायचा. आधी स्पीकरचे व्होल्ट, मग मीटरची मर्यादा, मग उजेडावरून आर१, मर्यादेवरून आर२, त्यानंतर इनपुटचा विभाजक (व्होल्ट वाटून लहान करणारी दोन रेझिस्टरची जोडी) आणि सगळ्यात शेवटी कपॅसिटर. मागं येऊन आर१ ला हात लावायचा नाही. लावलाच तर आर२ ही नव्यानं काढायचा.

स्पीकरचे व्होल्ट

भजनी मंडळाचा ५० वॅट, ४ ओमचा अँप धरू. वॅट गुणिले ओम, म्हणजे २००, त्याचं वर्गमूळ १४.१४ व्होल्ट. हा झाला मल्टिमीटरवर दिसणारा आकडा. मीटरला मात्र लाटेच्या शेंड्याशी मतलब, म्हणून त्याला १.४१४ नं गुणा: २० व्होल्ट. याच हिशोबानं १०० वॅट, ८ ओमला शेंडा ४० व्होल्टचा येतो.

डब्यावर चिकटवलेल्या पीएमपीओच्या, म्हणजे फुगवलेल्या वॅटच्या, आकड्यावर हा हिशोब करू नका. त्यापेक्षा अँपचा पुरवठा मोजा. अधिक-उणे २४ व्होल्टवर चालणाऱ्या अँपच्या आउटपुटला २४ पेक्षा मोठा शेंडा निघणारच नाही, स्टिकरवर हजार वॅट छापलेले असोत की दोन हजार. प्रत्यक्ष मोजायचं असेल तर मोबाईलवरून १०० हर्ट्झचा सूर द्या आणि स्पीकरच्या जागी मोठ्या वॅटचा रेझिस्टर जोडून एसी व्होल्ट बघा. सूर १०० चाच घ्या. स्वस्तातले मल्टिमीटर जास्त फ्रिक्वेन्सीला बिनधास्त खोटं सांगतात.

मांडवाच्या कर्ण्यांसाठी जे अँप असतात त्यांच्या पाठीमागं १०० व्होल्ट लाईनचं टर्मिनल असतं. तिथला शेंडा १४१ व्होल्टचा. मीटर तिथं जोडायचाच नाही, ४ किंवा ८ ओमच्या टर्मिनलवरूनच तार घ्या.

मर्यादा किती ठेवायची

पिन ७ थेट मर्यादा देतो म्हटल्यावर १.२५ पासून १० व्होल्टपर्यंत काहीही ठेवता येईल. मी ५ च्या आसपास ठेवतो, आणि त्याला कारण आहे.

३९१५ मध्ये प्रत्येक दिवा आधीच्यापेक्षा ३ डेसिबलनं वर, म्हणजे १.४१ पट. दहाव्यापासून खाली मोजत गेलात तर पहिला दिवा २७ डेसिबल खाली, साधारण बाविसाव्या हिश्श्यावर येतो. मर्यादा १.२५ व्होल्ट असेल तर पहिला दिवा ५६ मिलीव्होल्टला पेटणार. अँपच्या डब्यात ट्रान्सफॉर्मर शेजारी गुरगुरत असताना ५६ मिलीव्होल्ट म्हणजे काहीच नाही. गाणं बंद आणि खालचा दिवा चालू, ही तक्रार बहुतेक वेळा इथूनच येते. ५ व्होल्टला हाच पहिला दिवा २२३ मिलीव्होल्टवर जातो आणि घरघर त्याच्या खाली राहते.

मग १० व्होल्ट का नको? आयसीचा पुरवठा पिन ७ पेक्षा निदान दोन व्होल्ट वर हवा, म्हणजे १२ व्होल्ट पक्के हवेत. घरी ते मिळतात. पण संध्याकाळी शेतातले पंप चालू असताना खेड्यातल्या मांडवात वीज किती उतरते ते ऐकणाऱ्यालाही ठाऊक असतं, ट्यूबलाईट फडफडायला लागते. १२ व्होल्टचा ट्रान्सफॉर्मर आणि ब्रिज (एसीचा डीसी करणारे चार डायोड), २३० ला साधारण साडेपंधरा व्होल्ट डीसी देतो. वीज १५० वर आली की तोच पुरवठा पावणेदहावर येतो. आता पिन ७ वर १० व्होल्ट राहणार कुठून? मर्यादा खाली सरकते आणि लाल दिवा वेळेआधी पेटतो. "घरी चालतो, मांडवात बिघडतो" म्हणणाऱ्यांनी आधी हे तपासावं. ५ व्होल्टच्या मर्यादेला पावणेदहाही पुरून उरतात.

आर१ आणि आर२

घरातल्या मीटरला एलईडीमागं १० मिलीअँप पुरे. आजकालचे चकचकीत एलईडी ५ मिलीअँपलाही डोळ्यात खुपतात. १० साठी पिन ७ मधून एकूण १ मिलीअँप निघायला हवा. पण हा सगळा आर१ मधून जात नाही. पिन ६ ही पिन ७ ला जोडलेली असते, आणि पिन ६ ते पिन ४ ही आयसीच्या आतली रेझिस्टरची साखळी वीस-तीस के (किलो-ओम) ची आहे. ५ व्होल्टला ती स्वतःच ०.२ मिलीअँप खाते. उरले ०.८. मग १.२५ भागिले ०.८, म्हणजे १.५६ के. बाजारात मिळतो १.५ के. तोच टाका.

आता आर२. आर१ मधून ०.८३ मिलीअँप येतो, पिन ८ मधून आणखी ०.०७५, मिळून ०.९१. आर२ वर ३.७५ व्होल्ट पडायला हवेत, म्हणजे ४.१३ के. तो शेवटचा तुकडा सोडून देणारे इथं ४.५ के काढतात आणि मर्यादा ५.३४ वर जाते. अर्ध्या डेसिबलपेक्षा थोडा जास्त फरक. एकट्या मीटरला चालून जातं, पण डाव्या-उजव्या चॅनलला दोन वेगळ्या आकृत्या वापरल्या असतील तर दोन पट्टे कधीच बरोबर नाचत नाहीत.

मी इथं रेझिस्टर न टाकता ४.७ के चा प्रीसेट टाकतो. नेमका आकडा शेवटी त्यावरच बसवायचा आहे.

डायोड कुठं बसवला, त्यावर सगळं

"खालचे दिवे एकदम पेटतात" या तक्रारीचं मूळ इथं आहे. नेहमीच्या आकृतीत आधी प्रीसेटनं सिग्नल लहान करतात, मग १एन ४१४८ डायोडमधून आयसीच्या इनपुटला, म्हणजे पिन ५ ला देतात. डायोड ०.६ व्होल्ट खातो. ५ व्होल्टच्या मर्यादेला पहिला दिवा ०.२२ ला लागायचा, पण डायोडच्या अलीकडं त्यासाठी ०.८२ व्होल्ट हवेत, आणि दहाव्यासाठी ५.६. या दोघांमधलं अंतर २७ डेसिबल राहत नाही, साडेसोळा उरतं. दहा दिवे साडेसोळा डेसिबलमध्ये कोंबले, आणि सगळी चेंगराचेंगरी खालच्या टोकाला. पखवाजाच्या थापेला याचं काही वाटत नाही. पण मिरजेत तयार झालेला तंबोरा माईकवर लावून बघा. झंकार कानाला स्पष्ट ऐकू येतो आणि मीटर मात्र काळाठिक्कर.

उपाय फुकटचा आहे: क्रम उलटा करा. डायोड आधी, स्पीकरच्या तारेवरच, जिथं २० व्होल्ट आहेत. विभाजक त्यानंतर. २० मधून ०.६ गेले तर १९.४ उरतात, आणि पहिल्या-दहाव्या दिव्यांतलं अंतर जवळपास पावणेतेवीस डेसिबल मिळतं. पूर्ण २७ हवेत तर ऑप-अँप आयसी लावून डायोडचे ०.६ व्होल्ट न खाणारा बिनचूक रेक्टिफायर (एसीचा डीसी करणारा भाग) करावा लागतो. मांडवासाठी मला त्याची गरज वाटत नाही. रेकॉर्डिंगच्या मिक्सरला जरूर करा.

तर जोडणी अशी. स्पीकरची अधिक तार, तिच्यावर २२० ओम, मग डायोड. डायोडच्या पलीकडच्या टोकापासून ग्राउंडला १० मायक्रोफॅरड, ५० व्होल्टचा कपॅसिटर. त्याच टोकापासून २७ के, त्यापुढं ग्राउंडला १० के, आणि या दोघांच्या सांध्यावरून पिन ५. हिशोबानं २८.८ के यायला हवा होता, पण तो आकडा दुकानात मिळत नाही. २७ के नं पिन ५ वर ५.२४ व्होल्ट येतात, २२० ओममुळं प्रत्यक्षात थोडे कमीच, पावणेपाचच्या आसपास. दोन्ही आकडे आर२ च्या प्रीसेटच्या टप्प्यात बसतात.

पूर्ण आवाजाला १०० हर्ट्झचा सूर लावा आणि दहावा दिवा नुकता पेटेल तिथं प्रीसेट सोडून द्या. स्पीकर नको, तोच जाड रेझिस्टर जोडा, शेजारी दुवा देतील.

कपॅसिटर आणि २७ अधिक १० असे ३७ के मिळून दिवे किती वेगानं खाली येतात ते ठरतं. दोन्हींचा गुणाकार ०.३७ सेकंद. कपॅसिटर रिकामा होतो तो घातांकानं आणि दिव्यांची शिडी डेसिबलची, त्यामुळं दिवे सारख्या चालीनं उतरतात, प्रत्येकाला सुमारे ०.१३ सेकंद, वरून खालपर्यंत सव्वा सेकंदाच्या आत. ढोलकीला हे जरा सुस्त वाटेल, तिथं ४.७ मायक्रोफॅरड टाका, वेळ निम्मा होतो. १ मायक्रोफॅरडपर्यंत मात्र जाऊ नका. खर्जाच्या प्रत्येक लाटेत कपॅसिटर इतका रिकामा होईल की वरचे एक-दोन दिवे नुसते थरथरत राहतील.

पहिल्या ठोक्याला उसळतो, मग झोपतो

हे डीसी अडवायला डायोडच्या अलीकडं कपॅसिटर टाकणाऱ्यांचं दुखणं. त्या कपॅसिटरला रिकामं व्हायला वाटच नसते. प्रत्येक लाट त्याला थोडा आणखी भरते, आणि तो पुरता भरला की डायोडपर्यंत काही पोचतच नाही. डायोडच्या अलीकडून ग्राउंडला रेझिस्टर द्यावा लागतो, आणि तोही पुढच्या ३७ के च्या मानानं बराच लहान, २.२ के सारखा. तिथं ४७ के टाकलात तर मीटर झोपणार नाही, पण निम्मंच दाखवेल. रेझिस्टर लहान केला की कपॅसिटर मोठा लागतो: २.२ के बरोबर १० मायक्रोफॅरड. १ मायक्रोफॅरड ठेवलात तर ७२ हर्ट्झच्या खालचं सगळं गळायला लागेल.

मुळात हा कपॅसिटर हवाच का ते बघा. अधिक-उणे पुरवठ्याच्या अँपला आउटपुटवर डीसी नसतो, आणि एकेरी पुरवठ्याच्या अँपला स्पीकरच्या आधी मोठा कपॅसिटर असतोच. या दोघांना तो नकोच.

तो लागतो ब्रिज पद्धतीच्या अँपला. टीडीए ७२९७ किंवा टीपीए ३११६ चे तयार बोर्ड हल्ली सर्रास वापरतात, ते या जातीचे. त्यांच्या स्पीकरची उणे तार ग्राउंड नसते! तिच्यावरही निम्म्या पुरवठ्याइतका डीसी आणि उलटा सिग्नल असतो. मीटरचं ग्राउंड त्या तारेला जोडलं तर अँपची एक बाजू सरळ शॉर्ट होते. बोर्ड जळालाच नाही तर नशीब. ग्राउंड पुरवठ्याच्या उणेवरून घ्या आणि सिग्नल कुठल्याही एका तारेवरून, कपॅसिटरची अधिक बाजू अँपकडं. एका तारेवरचा शेंडा पुरवठ्याच्या निम्माच असतो, म्हणून २७ के चा हिशोब नव्यानं करावा लागेल. १२ व्होल्टवर चालणाऱ्या बोर्डाला शेंडा जेमतेम ६, तिथं विभाजक जवळपास नकोच, आणि कपॅसिटरला रिकामं व्हायला मात्र रेझिस्टर हवाच, म्हणून पिन ५ वर ग्राउंडला ३३ के सोडा.

आयसी भाजतो

पट्टा पूर्ण पेटला की दहा दिव्यांचे १०० मिलीअँप. पुरवठा १२, लाल एलईडी २ व्होल्ट घेतो, उरलेले १० व्होल्ट आयसीच्या डोक्यावर: १ वॅट. या आयसीची झेप १.३६ वॅटच्या आसपास, तीही मोकळ्या हवेत. कुणी हौसेनं एलईडीला २० मिलीअँप दिले तर २ वॅट होतात, आणि आयसी पहिल्या आरतीलाच राम म्हणतो.

एलईडींच्या सामाईक अधिक तारेत ८२ ओम, २ वॅटचा रेझिस्टर घाला. ८ व्होल्ट तो स्वतःवर घेईल. निळे-पांढरे एलईडी असतील तर ६८ ओम. रेझिस्टरनंतर एलईडींच्या तारेवर ग्राउंडला १० मायक्रोफॅरडचा कपॅसिटर द्या, तारा वीतभर लांब असतील तर न चुकता. पिन ३, म्हणजे आयसीचा पुरवठा, मात्र थेट १२ व्होल्टलाच, आणि पट्टा की ठिपका ते ठरवणारी पिन ९ पिन ३ च्या अंगाला चिकटून. पिन ९ चुकून रेझिस्टरच्या पलीकडं गेली तर पट्टा मोडून एकच ठिपका फिरताना दिसतो, नाहीतर दोन्हींचं मिश्रण.

प्रत्येक एलईडीला वेगळा रेझिस्टर लावून काही साधत नाही. करंट आयसी धरून ठेवतो, एकटा हिरवा फार चमकतो म्हणून त्याच्या पायाला १०० ओम लावलात तरी तो तेवढाच चमकेल. एलईडीच बदला.

तरीही जमत नसेल तर

पिन ७ आणि ८ मध्ये १.२५ च्या जवळपास व्होल्ट आहेत का बघा. नसतील तर पुढचं काही तपासण्यात अर्थ नाही. ते ठीक असूनही दहाच्या दहा दिवे पेटलेले असतील तर पिन ६ ते ७ चा जोड सुटलाय, साखळीला वरून व्होल्टेजच मिळत नाही. दिवे अर्धवट लुकलुकत असतील तर ग्राउंड. पिन २ मधून सगळ्या एलईडींचा करंट परत जातो, पिन ४, आर२ आणि इनपुटचं ग्राउंड त्याच बारीक पट्टीवर टांगलं असेल तर पायऱ्या सरकतात. सगळी ग्राउंड पिन २ पाशी एकत्र आणा.

आणि आयसी तोच आहे याची खात्री करा. ३९१४ आणि ३९१५ चे पाय सारखे, वरचं छापील खोडून दुसरा नंबर टाकलेला माल मिळतो. ३९१४ च्या पायऱ्या डेसिबलच्या नसतात, सारख्या अंतराच्या असतात, त्यामुळं हळू आवाजाला एखादाच दिवा लागतो. मर्यादा ५ व्होल्टला लावा, विभाजक सोडवून ठेवा, आणि नवा पेन्सिल सेल घेऊन त्याची उणे ग्राउंडला, अधिक पिन ५ ला टेकवा. ३९१५ असेल तर सहा दिवे पेटतील. तीनच पेटले तर ३९१४ आहे, दुकानात परत घेऊन जा आणि सेलही बरोबर न्या.

एवढा खटाटोप नको असेल आणि पाच दिवे पुरत असतील तर केए २२८४ घ्या. त्याच्या पायऱ्या उणे १०, उणे ५, ०, ३ आणि ६ डेसिबल अशा आतच ठरलेल्या आहेत, रेक्टिफायरही आतच. त्याच्या इनपुटला डायोड लावू नका. स्पीकरच्या तारेवरून घ्यायचं तर १० के चा प्रीसेट मात्र लागेलच.